साडूंच्या गाडीतला नळ

जगात काही गोष्टी चुकीच्या असतात आणि तशाच राहिल्या तरी कुणाचं काही बिघडत नाही, हे आमच्या थोरल्या साडूंना आजवर कुणी पटवून देऊ शकलेलं नाही. देवळातल्या घंटेचा दोर एका अंगाला ओढलेला असो, लग्नपत्रिकेवरचा गणपती जरा कलता छापलेला असो, की हॉटेलातल्या टेबलाचा एक पाय आखूड असो, साडूंच्या नजरेला ते पडलं की त्यांच्या तोंडची चव जाते. मग ते उठतात, बिलाच्या कागदाची घडी घालून पायाखाली सारतात, टेबल हलवून बघतात, आणि शेजारच्या टेबलावर मिसळ खात बसलेल्या परक्या माणसांनाही "जरा उठता का" म्हणून उठवून त्यांचंही टेबल तपासतात. मी त्यांना पहिल्यांदा पाहिलं ते माझ्याच लग्नात. अंतरपाट धरलेला, मंगलाष्टकं सुरू झालेली, आणि नवरीचे हे थोरले दाजी एक डोळा मिटून मांडवाच्या खांबाकडं बघत उभे. "पाव्हणं, तुमच्या अंगाला कललाय," हे त्यांचं माझ्याशी बोललेलं पहिलं वाक्य. ते खांबाबद्दल बोलतायत हे मला कळलं नाही. मी आपला घाबरून ताठ उभा राहिलो, आणि लग्नाच्या सगळ्या फोटोंत मी पोलीस भरतीला आल्यासारखा दिसतो.

नोकरी त्यांनी पाटबंधारे खात्यात केली, त्यातली बरीच वर्षं माकणीच्या धरणाजवळ. कालव्याला किती पाणी सोडलं, शेवटच्या शेतापर्यंत ते पोचतं की मध्येच जिरतं, हे बघत सायकलवरून हिंडण्यात त्यांची उमर गेली. त्या नोकरीत त्यांना उताराचं वेड लागलं. भाऊबंदकीत दोघांचं पटत नसलं तर साडूंचं निदान ठरलेलं असतं, "दोगंबी एका पातळीला. उतारच न्हाई, तर पानी हलंल कसं?" कुणाच्या मुलाचं अभ्यासात लक्ष नसलं तरी ते आधी त्याच्या टेबलाचा उतार बघतात. निवृत्तीनंतर कळंबला घर बांधलं, तेव्हा न्हाणीच्या फरशीचा उतार त्यांनी स्वतः उभं राहून काढून घेतला. त्या न्हाणीत पाणी क्षणभर थांबत नाही हे खरं, पण माणूसही थांबत नाही. साबण हातातून सुटला की थेट मोरीच्या जाळीपाशी जाऊन बसतो, आणि तो आणायला गेलेला पाहुणा भिंतीला धरून वर येतो. माझे वडील एकदा तिथं आंघोळ करून आले आणि मला बाजूला घेऊन म्हणाले, "पुढच्या खेपंला माझी काठी घेऊन येऊ."

उताराइतकाच त्यांचा दुसरा ध्यास म्हणजे गेट. टाकीच्या कॉकला, गॅसच्या बटणाला, अंगणाच्या फाटकाला ते सरसकट गेटच म्हणतात, आणि काम नसताना गेट उघडं ठेवणारा माणूस त्यांच्या लेखी माणसात जमा नाही. एकदा आमच्या धाराशिवच्या घरी मुक्कामाला आले होते. सकाळी मी दात घासत होतो, तोंड फेसानं भरलेलं, आणि नळाला पाणी नाही. गच्चीवर जाऊन बघतो तर टाकी तुडुंब, आणि तिचा कॉक बंद. साडूंनी झोपायच्या आधी वर चढून तो बंद केला होता. "गेट उघडं ठिवून झोपता कसं तुमी?" ते मलाच रागावले. "झोप येती का तसं?" मी फेस गिळला आणि येते म्हणून सांगितलं. त्यानंतर बराच वेळ ते माझ्याकडं फार काळजीनं बघत होते.

या माणसाशी संसार करणारी आमची अक्का, म्हणजे माझ्या बायकोची थोरली बहीण, बोलायला अगदी कमी. तिच्या पोळ्या गोल नसतात, तिचं तुळशीवृंदावन अंगणाच्या मधोमध नाही, आणि ती घड्याळ मुद्दाम पुढं लावून ठेवते. पण साऱ्या नातेवाइकांत साडू कुणाच्या वाट्याला जात नसतील तर ते अक्काच्या. आम्ही सगळे ही त्यांची भीती समजत होतो आणि त्यावरून त्यांची भरपूर थट्टा करत होतो.

अक्काला प्रवास सोसत नसे. सोसत नसे म्हणजे गाडी लागायची असं नाही, तर प्रवासाला निघायचं म्हटलं की ती आदल्या संध्याकाळपासून पाणी पिणं बंद करायची. कारण साधं आहे आणि ते आपल्याकडच्या प्रत्येक बाईला माहीत आहे. गाडी थांबली की पुरुष कुठल्याही बाभळीआड जाऊन मोकळे होतात. बाईनं जायचं कुठं? स्टँडवरच्या मुतारीत पाय ठेवण्यापेक्षा घसा कोरडा पडलेला बरा, असं तिनं तरुणपणीच ठरवून टाकलं होतं. पुढं एका उन्हाळ्यात पुण्याकडच्या लग्नाला जाताना गाडीतच तिच्या पोटात अशा कळा सुटल्या की वरात बाजूला राहिली आणि सगळं वऱ्हाड दवाखान्यात जमलं. मुतखडा निघाला. डॉक्टरांनी सांगितलं, पाणी भरपूर प्या, एक दिवसही कमी करू नका. अक्कानं ते ऐकलं आणि दवाखान्यातून घरी आल्यावर शांतपणे आपला निर्णय सांगितला. "घरी पेते की भरपूर. आता भाईर कुठं जात न्हाई."

ती खरंच कुठं गेली नाही. लग्नं झाली, बारशी झाली, अक्काचा अहेर तेवढा पोचत राहिला. एकुलती एक मुलगी रत्नागिरीला दिलेली. तिनं तिकडं घर बांधलं, त्याची वास्तुशांत झाली, आणि आई त्या घराचा ओटा, खिडक्या, दारातली जास्वंद सगळं फोनवर बघत राहिली. वास्तुशांतीला साडू एकटे गेले. परत आल्यावर मी कौतुकानं विचारलं, "काय म्हणतंय घर?" "चांगलं हाय," ते म्हणाले. त्या घरात काय काय चुकलंय हे त्यांनी सांगितलं नाही, तेव्हाच माझ्या मनात पाल चुकचुकली. "पोरगी सारखी दाराकडं बघायली हुती," एवढंच ते नंतर कधीतरी बोलले.

आणि मग त्यांनी ती मिनीबस आणली. एका शाळेची पोरं ने-आण करून थकलेली, पिवळी, खिडक्यांना जाळ्या असलेली. माझी बायको म्हणाली, दाजींना आता उन्हाचा त्रास व्हायला लागलाय. पण साडूंच्या डोक्यात चित्र पक्कं होतं. मागची बाकडी काढली, तिथं झोपायला फळी बसवली, पाटाएवढा ओटा केला, छतावर टाकी चढवली, आणि सगळ्यात मागं, पत्र्याचं दार लावून, आतून कडी घालून, एक न्हाणी केली. एवढीशीच, पण आत संडास, हात धुवायचं बेसिन, आणि बेसिनवर नळ. गाडीचं नाव त्यांनी ठेवलं वस्तीची गाडी. कळंबच्या लोकांनी ठेवलेलं नाव वेगळं होतं आणि ते त्या न्हाणीवरूनच पडलं होतं. ते इथं लिहिण्यासारखं नाही. साडूंच्या कानावर ते गेलं तेव्हा त्यांनी फक्त मान हलवली. "बरुबर हाय त्यांचं. गाडी त्याच्यासाठीच हाय."

अक्का पहिल्या दिवशी गाडीत चढली, न्हाणीचं दार उघडून बघितलं, कडी लावून बघितली, पुन्हा उघडली. खाली उतरून म्हणाली, "पानी टिकलं आत, तर येते रत्नागिरीला." बस्स, एवढंच. साडूंनी ते वाक्य कालव्याला पाणी सोडायचा हुकूम आल्यासारखं झेललं.

आणि नेमकं पाणीच टिकेना. साडू टाकी भरत, शिडीनं वर चढून कॉक उघडत, सगळं नीट चालतं का बघत, पुन्हा वर चढून कॉक बंद करत. दुसऱ्या दिवशी पुन्हा कॉक उघडून आत-बाहेर कुठं गळती आहे का बघायला गाडीभोवती फेऱ्या मारत, तोवर मागून गाडीखालच्या पाइपातून पाणी बदाबदा अंगणात. आत जाऊन बघावं तर नळ पुरता उघडा. बेसिनमध्ये भांडं असलं तर तेही भरून वाहतंय. "नळ आपसूक उघडायलाय," साडूंनी मला फोनवर सांगितलं. "हादऱ्यानं सैल पडत असंल. येताव का रविवारी? तुमी बारीक हाव, बेसिनखाली मावताव."

मी बारीक आहे हे खरं आहे, पण त्या बेसिनखाली मावायला बारीक असून भागत नाही, हाडं दुमडता यावी लागतात. डोकं कपाटात, पाठ फरशीवर, पाय दाराबाहेर, आणि छातीवर टॉर्च, असा मी पडलो होतो. ज्या नटानं नळ बेसिनला खालून आवळलेला असतो तो नट अशा कोपऱ्यात होता की कुठलाच पाना तिथं फिरेना. साडूंनी जुन्या पाइपाच्या तुकड्याला खाचा पाडून खास त्या नटासाठी एक पाना घडवला. तो वरून बघायला सुबक होता. खालून तो माझ्या कपाळाला लागत होता. "डावीकडं फिरवा," साडू वरून. मी डावीकडं फिरवला. "तुमचं डावं न्हाय, नळाचं डावं." नळाचं डावं कुठलं यावर आमची बरीच चर्चा झाली. शेवटी तो जुना दांडीचा नळ निघाला आणि त्या जागी साडूंनी पितळेचा, आट्यांचा, बंद करायला चार वेढे फिरवावा लागणारा जाडजूड नळ बसवायला दिला. आट्यांवर मी पांढरी पट्टी गुंडाळली, तर ती उलट्या अंगानं गुंडाळली म्हणून उलगडायला लावली. "अशी गुंडाळली तर आवळताना सुटती. तुमी बँकेत हाव म्हणून चालतंय, पाटावर असताव तर शिवार बुडलं असतं." त्या दिवशी परत निघताना मला पाठीला बाम लावून घ्यावा लागला, आणि तो लावणारी माझी बायको हसून हसून बेजार झाली.

नळाची परीक्षाही झाली. टाकी भरून, कॉक उघडा ठेवून, मला मागं नळासमोर उभं करून साडूंनी गाडी येरमाळ्यापर्यंत नेली आणि रस्त्यातला एकही खड्डा चुकवला नाही. काही खड्डे तर त्यांनी दोनदा घेतले. नळ जागचा हलला नाही. थेंबसुद्धा नाही. मी आतून ओरडून सांगितलं, साडू खूश झाले, परतताना ढाब्यावर आम्ही चहा घेतला आणि तिथलं टेबल सरळ केलं. आणि दोन-चार दिवसांत पुन्हा फोन. "पाव्हणं, टाकी रिकामी. नळ उघडा." चालत्या गाडीत गुण्यागोविंदानं वागणारा आणि दारात उभी केली की उघडणारा असा नळ माझ्या बुद्धीपलीकडचा होता. मला तर उंदरांचा संशय आला. मी तसं बोललोही. साडूंनी ते कानाआड केलं. मग म्हणाले, "दुसरा घेऊ."

पितळी नळही मीच बेसिनखाली जाऊन काढला, आणि तिसऱ्या नळासाठी हार्डवेअरच्या दुकानात मीही बरोबर होतो. दुकानदारानं आधीचे दोन्ही नळ हातात घेऊन फिरवून बघितले. "साहेब, ह्यात बिघाड काय हाय?" "काय न्हाई." "मग चांगलं नळ बदलायलाव कशाला?" "आमच्या गाडीला ते चांगलं न्हाईत," साडू म्हणाले. "लई जड फिरणारा दावा. असा दावा की फिरवताना माणूस कटाळला पायजे." दुकानदारानं माझ्याकडं बघितलं. मी दुसरीकडं बघितलं. आयुष्यात गिऱ्हाइकानं असा नळ मागितलेला त्यानं ऐकला नसावा. पण त्याच्याकडं तसाही एक निघाला, आणि मी पुन्हा बेसिनखाली गेलो.

तो बसवून झाल्यावर दुपारी जेवून मी त्यांच्या अंगणात बाजेवर लवंडलो होतो. साडूंनी कॉक नेहमीप्रमाणं बंद केलेला. डोळा लागतो न लागतो तोच अक्का झाडू आणि तांब्या घेऊन गाडीत चढताना दिसली. ती रोज गाडी झाडायची, हे मला माहीत नव्हतं. झाडून झाल्यावर ती न्हाणीत गेली, दार उघडंच होतं म्हणून मला सगळं दिसलं. तिनं तो जड नळ दोन्ही हातांनी फिरवून उघडला. पाणी आलं नाही. तिनं थोडं थांबून बघितलं, नळाखाली तांब्या ठेवला, नळ तसाच उघडा टाकला, आणि पदरानं घाम टिपत निवांत खाली उतरली.

मी बाजेवर उठून बसलो. इतके दिवस माझ्या हे लक्षात कसं आलं नाही? आमच्या भागात नळाला पाणी असत नाही, ते येतं. चार दिवसांनी, आठ दिवसांनी, कधी त्याहून उशिरा, आणि कुठल्या वेळेला ते कुणालाच ठाऊक नसतं. म्हणून कोरडा नळ कुणी बंद करत नाही. तो उघडा टाकायचा, खाली भांडं ठेवायचं आणि आपल्या कामाला लागायचं. पाणी यायच्या आधी नळ खोकतो, मग भांड्यात धार वाजते, आणि तो आवाज घराच्या कुठल्याही कोपऱ्यातून बाईला ऐकू जातो. माझी आई तो आवाज झोपेत ओळखायची. माझी बायको आजही ओळखते. अक्कानं सगळं आयुष्य कोरडे नळ उघडे ठेवून पाण्याची वाट बघितली होती. ती गाडीतला नळ उघडत नव्हती, ती पाणी यायची वाट बघत होती. आणि मग साडू वर चढून कॉक उघडायचे.

मी जवळजवळ पळतच साडूंना गाठलं. ते मागच्या अंगणात काढलेला नळ पुसून ठेवत होते. "सापडलं," मी म्हणालो. "नळ आपोआप उघडत नाही. अक्का—"

"हळू बोला," ते म्हणाले. "म्हाइत हाय मला."

"कधीपासून?"

"पितळी बसवल्यापस्नं." त्यांनी नळ फडक्यात गुंडाळला. "हा तिसरा म्या मुद्दाम जड घेतला. वाटलं, कटाळून उघडायची न्हाई. पर तिचा हात माझ्यापरीस घट्ट हाय."

"अहो मग तिला सांगा की. एका वाक्याचं काम आहे."

साडूंनी फडकं बाजूला ठेवलं. मग खाली उकिडवे बसले आणि मलाही बसायची खूण केली. "लगीन झालं तवा म्या तिला लई दुरुस्त करायचो," ते म्हणाले. "पोळी गोल न्हाई, चूल वाऱ्याच्या तोंडाला हाय, पदर असा न्हाई तसा. ती कधी उलटून बोलली न्हाई. नुसतं जे म्या दाखवलं ते करायची थांबली. गाणं म्हणायची दळताना. म्या एकदा म्हणालो, चाल चुकायली. पुन्हा म्हणली न्हाई." ते जमिनीवर बोटानं रेघ ओढत राहिले. "आता तिला सांगू, की तुझ्या हातानं टाकी रिकामी व्हायली? ती म्हणंल, बरं, आणि गाडीकडं फिरकायची न्हाई. पोरीचं घर ऱ्हाईलं मग. नळ बदलता येतोय की, पाव्हणं. गावात नळ संपलं तर बार्शीहून आणू."

आम्ही ज्याला भीती म्हणून हसत होतो ते हे होतं. थोड्या वेळानं मी म्हणालो, "मग वरचा कॉकच उघडा ठेवा ना कायमचा. तिनं नळ उघडला की पाणी येईल, ती बंद करील. नळ बदलायचंच कारण नाही." साडूंनी माझ्याकडं असं बघितलं की जणू मी त्यांना कपडे काढून बाजारातून फिरायला सांगितलं होतं. "गेट उघडं ठिवून?" ते म्हणाले. "ते न्हाई जमायचं." बायकोसाठी जिल्ह्यातले सगळे नळ बदलायला निघालेला हा माणूस स्वतःचा एक कॉक बदलायला तयार नव्हता. मी पुढं वाद घातला नाही.

बार्शीहून त्यांनी आणला तो दाबायचा नळ, रेल्वेत असतो तसा. वरून दाबला की पाणी, हात काढला की आपोआप बंद. उघडा ठेवायची सोयच नाही. साडू जाम खूश होते, मी चौथ्यांदा बेसिनखाली गेलो, आणि यावेळी नळाचं डावं मला न विचारताच कळलं. बसवून झाल्यावर साडूंनी मोठ्या दिमाखात अक्काला हाक मारली. तिनं वर येऊन तो नळ दाबला. कॉक सवयीनं बंदच होता. पाणी आलं नाही. तिनं हात काढला, नळ टक्कन वर आला. पुन्हा दाबला, पुन्हा तेच. तिनं तांब्या बेसिनमध्ये ठेवून बघितला, नळाकडं बघितलं, आणि तांब्या परत उचलला. तो ठेवून उपयोग नव्हता. "आवं," ती म्हणाली, आणि तिच्या आवाजात तक्रार नव्हती, ती खरंच विचारत होती, "मग आता पानी आल्यालं कळायचं कसं?"

मी हत्यारं गोळा करायला खाली वाकलो, आणि मला साडूंचे फक्त पाय दिसत होते. ते पाय थोडा वेळ जागच्या जागी उभे होते, मग वळले, आणि मागच्या शिडीवर त्यांचे बूट वाजले. छतावर बराच वेळ खटपट चालली. पाइपात घरघर झाली आणि वरून पाना पत्र्यावर पडल्याचा आवाज आला. खाली आले तेव्हा त्यांच्या हातात कॉकची मूठ होती, काढलेली. आता तो कॉक त्यांना स्वतःलाही बंद करता येणार नव्हता. त्यांनी ती मूठ खिशात टाकली. "दाब आता," ते म्हणाले. अक्कानं दाबला. धार तिच्या हातावर पडली. "हितं पानी येत नसतंय," साडू म्हणाले. "असतंय." अक्का हात धुवत राहिली. नळ बंद झाला, तिनं पुन्हा दाबला. पुन्हा पाणी आलं. त्या दिवसांत साडूंना झोप लागत नव्हती, असं अक्कानंच नंतर माझ्या बायकोला सांगितलं. ते अंथरुणात उठून बसत आणि गाडीच्या दिशेनं बघत राहत. पण मूठ त्यांनी परत बसवली नाही.

पुढच्या महिन्यात आम्ही चौघं रत्नागिरीला निघालो. साडू गाडी चालवत होते, मी शेजारी, मागं दोघी बहिणी. निघताना मी बघितलं, अक्कानं चहा घेतला नाही, पाण्यालाही नको म्हणाली. साडूंनीही बघितलं. त्यांनी स्टिअरिंग जरा घट्ट धरलं. बार्शी गेली, कुर्डुवाडी गेली. "थांबू का?" ते मधूनमधून विचारत. "नगं," मागून उत्तर येई. मला वाटायला लागलं की एवढी खटपट वाया जाणार. नळ बदलला, पण इतक्या वर्षांची सवय कोण बदलणार?

दुपारी, आजूबाजूला झाड नाही की हॉटेल नाही अशा ठिकाणी, अक्का हळूच म्हणाली, "गाडी जरा बाजूला घ्या." साडूंनी घेतली. ती मागं गेली, न्हाणीची कडी वाजली. आम्ही तिघं समोरच्या ज्वारीच्या रानाकडं इतकं लक्ष देऊन बघत बसलो की ते रान विकत घ्यायला आलोय असं कुणालाही वाटावं. आतून नळाचा आवाज आला. थांबला. पुन्हा आला. पुन्हा. बराच वेळ झाला तेव्हा मी उठायला लागलो, पण साडूंनी हात आडवा धरून मला बसवलं. अक्का बाहेर आली ती तोंड धुऊन, कपाळावरचे केस ओले, पदरानं मान पुसत. जागेवर बसली. "चला," म्हणाली.

गाडी सुरू झाली. थोडं अंतर गेल्यावर मागून तिचा आवाज आला, "बाटली कुठाय गं पान्याची?" माझ्या बायकोनं ती दिली. अक्कानं बाटली तोंडाला लावली आणि न थांबता प्यायली, घशाचा आवाज पुढं ऐकू येईपर्यंत. चालत्या गाडीत तोंड लावून पाणी पिऊ नये, हा साडूंचा आम्हा सगळ्यांना वर्षानुवर्षांचा पाठ. त्यांनी आरशातून बघितलं आणि नजर रस्त्यावर नेली. मला इतकं बरं वाटलं की मी उगीच खिडकीची काच वर-खाली करत बसलो.

मग अक्कानं उरलेली बाटली माझ्या बायकोपुढं धरली. "घे," ती म्हणाली. "तूबी सकाळधरनं घोटभर पेली न्हाईस. मला म्हाइत हाय की." बायको क्षणभर थांबली, मग तिनं बाटली घेतली. सकाळी तिनं चहा नको म्हटल्यावर मी तिला पित्ताची गोळी देऊ केली होती. इतकी वर्षं आम्ही बरोबर प्रवास करतोय. मला मागं वळून बघायचा धीर झाला नाही.

"सीटखाली अजून हायत," साडू रस्त्यावरची नजर न काढता म्हणाले. "भरून ठिवल्यात."